विहिरींतील पाणविंचू व त्याचे सोबती

गोदावरीकांठच्या एका खेड्यांतील मंडळीच्या वडिलांकडून आम्हांस एक पत्र आलें आहे. त्यांतील मजकूर थोडक्यांत असा: ख्रिस्ती वस्तीच्या विहिरींतून पाणी शेंदीत असतां बादलींत एक चपटा, मातकट रंगाचा, लांब शेपटीचा किडा आला. मुलांनीं "विंचू, विंचू" असा एकच ओरडा केला. दुसऱ्या दिवशीं आणखी दोन निघाले. तेव्हांपासून पुष्कळ घरच्या बाया तें पाणी भरावयास भितात. कोणी म्हणतें, हे विंचू कोणा वैऱ्यानें आणून टाकिले; कोणी म्हणतें, विहिरीवर करणी झाली. आणि तरुण मंडळींचा बेत असा ठरत आला आहे कीं, कपाशीवर फवारावयाचें औषध बाटलीभर विहिरींत ओतावें, दोन दिवस पाणी भरूं नये, म्हणजे सर्व किडे मरून विहीर निर्मळ होईल. असें करण्यास कांहीं हरकत आहे काय, व पवित्र शास्त्राचें ह्याविषयीं काय म्हणणें आहे, असें वडिलांनीं विचारिलें आहे.

वडिलांस आम्ही त्याच दिवशीं उत्तर धाडिलें. तें एका ओळीचें होतें: औषध ओतूं नका. परंतु जी अडचण ह्या एका मंडळीस पडली ती पुष्कळ ठिकाणीं पडत असेल असें जाणून, त्या ओळीमागचीं कारणें आम्ही येथें सविस्तर मांडितों. आमच्या उपदेशक बंधूंनीं हा पाठ आपापल्या शब्बाथशाळेंत चालवावा अशी विनंती आहे.

प्रथम औषधाविषयीं. शेतावरचें औषध पानावर पडावें, आणि ऊन, वारा व पाऊस ह्यांनीं हळूहळू विरावें, अशा बेतानें केलेलें असतें. विहिरीच्या थंड व अंधाऱ्या पाण्यांत तें तसें विरत नाहीं. गाळाला चिकटून राहतें, आणि बादली तळाशीं गेली कीं पुन्हां वर येतें. दोन दिवसांची मुदत कोणीं व कशावरून काढिली हें आम्हांस कळत नाहीं. आजकाल सर्रास विकल्या जाणाऱ्या पायरेथ्रॉइड जातीच्या औषधांचा तर असा गुण आहे कीं, अगदीं थोडा अंश पाण्यांत गेला तरी मासे व पाण्यांतील कीटक मरतात. किडा मेला म्हणजे पाणी शुद्ध झालें असें समजणें ही केवढी भूल! जें पाणी किड्याला मारितें तेंच आपण लेंकराच्या ओठाला लावणार. कोठें असें औषध ओतलें गेलेंच असेल, तर तें पाणी माणसांस व जनावरांस पाजणें तत्काळ बंद करावें, आणि लाज न धरितां ग्रामपंचायतीस व आरोग्य केंद्रास कळवावें. फवाऱ्याचा पंप विहिरीच्या कांठीं किंवा ओढ्यांत धुणें हेंही त्याच जातीचें पाप आहे. फरक इतकाच कीं, तें रोज थोडथोडें होतें म्हणून दिसत नाहीं.

आणखी एक गोष्ट तरुणांनीं ध्यानांत घ्यावी. आपल्या वडिलांस गांवच्या विहिरीच्या कांठास शिवण्याची बंदी होती. १९२७ सालीं महाडास चवदार तळ्याच्या पाण्याची ओंजळ घेतल्यावरून आपल्या बांधवांवर कसा मार पडला, हें सर्वांस ठाऊक आहे. ज्या वस्तीस स्वतःची विहीर लाभली, तिनें ती आपल्याच हातांनीं नासवावी काय?

आतां करणीविषयीं. ज्यांनीं बाप्तिस्म्याच्या वेळीं सर्व भुताखेतांचा धाक टाकिला, त्यांनीं एका किड्याच्या शेपटीला भ्यावें ह्याचें आम्हांस दुःख होतें. ते किडे कोणीं टाकिले नाहींत. ह्या जातीच्या पुष्कळ किड्यांस पाठीवर नीट मिटलेले पंख असतात. डबकें आटलें म्हणजे ते रात्रीच्या वेळीं उडून दुसरें पाणी शोधितात. तुमच्या विहिरीस पाणी होतें व ती उघडी होती, एवढेंच तिचें निमित्त.

हा जो किडा बादलींत आला त्यास पाणविंचू म्हणतात. परंतु नांवाखेरीज त्याचें विंचवाशीं नातें नाहीं. दगडाखालचा विंचू हा कोळ्याच्या कुळांतला, आठ पायांचा. हा ढेकणाच्या कुळांतला, सहा पायांचा. विंचवाच्या शेपटीच्या टोंकास विषाची नांगी असते. पाणविंचवाची शेपटी ही नांगी नव्हेच. ती श्वास घेण्याची नळी आहे. दोन अर्ध्या पन्हाळी एकमेकींस जोडाव्या तशी ती बनलेली असते. पाण्यांत बुडून नदींतील वाळूचा ठाव घेणारा कोळी तोंडांत पोकळ वेळू धरून त्याचें दुसरें टोंक पाण्यावर ठेवील, तर जसें होईल, तसेंच हें आहे. पाणविंचू कांठच्या पाल्याला धरून डोकें खालीं करून बसतो, नळीचें टोंक पाण्याच्या पृष्ठाशीं लावितो, आणि वाट पाहतो. पोहण्यांत तो अगदीं मंद. त्याचे पुढचे दोन पाय चिमट्यासारखे दुमडतात; बेडकाचें पिल्लू, डांसाची अळी, दुसरा एखादा किडा जवळून गेला कीं ते दोन पाय मिटतात, आणि मग तो आपली टोंचदार सोंड खुपसून शिकारीचा रस शोषून घेतो. हातांत घट्ट धरिला तर तो सोंडेनें टोंचील खरा, पण विंचू चावल्याचा प्रकार त्यांत नाहीं.

ह्याचेच कित्येक सोबती आहेत, व ते तुमच्या विहिरींत नसले तरी गांवच्या तळ्यांत, ओढ्याच्या डोहांत किंवा खाणीच्या पाण्यांत खात्रीनें असतील. पाण्याच्या पृष्ठावर लांब पायांनीं न बुडतां धावणारे किडे तुम्हीं रोज पाहतां. पाण्यावर पडलेली माशी तडफडूं लागली कीं तिच्या लाटा त्यांच्या पायांस कळतात, व ते तिच्यावर धावून जातात. काळे चकचकीत, भोवऱ्यासारखे गरगर फिरणारे भुंगे असतात. त्यांच्या प्रत्येक डोळ्याचे दोन भाग असून एक पाण्याच्या वर पाहतो व दुसरा पाण्याखालीं. उताणे पोहणारे लहान किडे असतात, ते तर होडींत पाठीवर निजून वल्हीं मारावीं तसे दोन लांब पाय हालवितात. पाणभुंगा आपल्या कठीण पंखांखालीं हवेचा बुडबुडा घेऊन बुडी मारितो, आणि ती हवा संपली म्हणजे शेपटाकडून वर येऊन नवी घेतो. त्याच्या अळीचे जबडे विळ्यासारखे वांकडे व आंतून पोकळ असतात. त्यांतून ती शिकारीच्या अंगांत पाचक रस सोडिते आणि आंतील मांस पातळ झालें म्हणजे तें पिऊन टाकिते.

परंतु ह्या सर्वांत आमच्या मतें अधिक नवलाचा प्राणी म्हणजे चतुर. सुगीच्या सुमारास शेतावर व पाणवठ्यावर थव्यांनीं उडणारा, काचेसारख्या चार पंखांचा चतुर ओळखीत नाहीं असें पोर खेड्यांत नसेल. पण त्याचें बालपण कोठें जातें, हें विचारिलें तर शंभरांतून एखादाच सांगूं शकेल. तें सर्व पाण्याखालीं जातें. मादी पाण्यांत अंडीं घालिते. त्यांतून निघालेलें पिल्लू बापासारखें मुळींच दिसत नाहीं. तें मातकट, ओबडधोबड, बिनपंखी असून चिखलांत दबा धरून बसतें. त्याचा खालचा ओठ लांब व बिजागरीचा असून तोंडाखालीं घडी करून ठेविलेला असतो, आणि टोंकास आंकडे असतात. अळी टप्प्यांत आली कीं तो ओठ पापणी लवण्याच्या आंत पुढें सुटतो, शिकार धरितो, आणि परत तोंडाशीं येतो. आणखी एक मौज अशी कीं, हें पिल्लू शेपटाच्या द्वारानें पाणी आंत घेऊन त्यांतील प्राणवायू शोषितें; आणि कोणी मागें लागलें तर तेंच पाणी जोरानें मागें फेंकून स्वतः पुढें झेंपावतें. शेवटीं एके रात्रीं तें गवताच्या काडीवर चढतें, पाठ फुटते, आणि आंतून ओले पंख घेऊन चतुर बाहेर पडतो. मागें राहिलेली रिकामी कात मुलांना तळ्याकांठीं सांपडते, व ती कसली हें त्यांस कळत नाहीं.

पावसाळ्यांतील पिंवळट चतुराची एक जात तर फारच मोठी प्रवासी आहे. तात्पुरत्या डबक्यांतच तिचीं पिल्लें वाढतात, आणि पांचसहा आठवड्यांत उडूं लागतात. डबकें आटण्याच्या आधीं त्यांस निघावें लागतें. मालदीव बेटांवर राहणारे प्राणिशास्त्रज्ञ चार्ल्स अँडरसन ह्यांनीं २००९ सालीं असें दाखवून दिलें कीं, दर वर्षीं ऑक्टोबराच्या सुमारास त्या बेटांवर येणारे लक्षावधि चतुर हिंदुस्थानाकडून येतात, व वाऱ्याबरोबर समुद्र ओलांडून पूर्व आफ्रिकेच्या दिशेनें जातात. तुमच्या शेताच्या बांधाजवळ जें डबकें साचतें, त्यांतून निघालेला प्राणी सागर ओलांडीत असेल!

आतां मुख्य मुद्द्याकडे येऊं. हे सर्व शिकारी खातात काय? जें सांपडेल तें. पण त्यांत डांसांच्या अळ्यांचा भरणा मोठा असतो. पाण्यांत वळवळणाऱ्या बारीक अळ्या तुम्हीं पाहिल्या असतील. ज्या डोकें खालीं करून तिरप्या लोंबतात त्या बहुधा साध्या डांसाच्या. त्यांपैकीं एका जातीपासून हत्तीरोग पसरतो. ज्या पाण्याच्या पृष्ठाशीं आडव्या, समांतर पडून राहतात त्या अॅनोफिलिस डांसाच्या. हिंवताप ह्याच डांसाच्या द्वारें माणसाला होतो. त्याचा शोध रोनाल्ड रॉस ह्यांनीं आपल्याच दख्खनांत, सिकंदराबादेस, २० ऑगस्ट १८९७ रोजीं लाविला. त्या दिवशीं त्यांस डांसाच्या पोटांत हिंवतापाचे जंतु दिसले.

विहिरींत विष ओतल्यानें काय होतें तें ह्यावरून समजेल. अळ्या मरतात आणि शिकारीही मरतात. पण दोघांचें परत येणें सारखें नाहीं. डांसाची मादी दुसऱ्याच दिवशीं कोठूनतरी येऊन अंडीं घालिते, व उबदार दिवसांत आठदहा दिवसांच्या आंत नवे डांस उडूं लागतात. चतुराच्या पिल्लास कित्येक आठवडे, कांहीं जातींत एक वर्ष किंवा त्याहून अधिक काळ लागतो. पाणभुंगा व पाणविंचू ह्यांची वाढही डांसाच्या मानानें फार सावकाश होते. म्हणून विष विरल्यावर प्रथम जें पाणी भरतें तें डांसांनीं भरतें, आणि त्यांस खाणारा कोणी उरलेला नसतो. चोरांच्या भयानें घरचा कुत्रा मारून टाकावा त्यांतलाच हा प्रकार.

तरी आमच्या बोलण्याचा कोणीं विपरीत अर्थ घेऊं नये. पाण्यांत शिकारी किडे आहेत म्हणून तें पाणी पिण्यास चांगलें, असें आम्ही म्हणत नाहीं. पिण्याचें पाणी गाळून व उकळूनच प्यावें. नारूची आठवण म्हाताऱ्या माणसांस अजून असेल. त्याचे जंतु पाण्यांतील अगदीं बारीक प्राण्यांच्या पोटांत असत, व दुपदरी फडक्यानें पाणी गाळिलें कीं ते प्राणी फडक्यावर राहत. गाळण्याची संवय, पायविहिरी बंद करून झांकलेलीं पाण्याचीं साधनें देणें, आणि जाणत्या लोकांनीं मोजून टाकिलेलें टेमेफॉस नांवाचें औषध, ह्यांच्या योगानें तो रोग देशांतून गेला. १९९६ सालीं राजस्थानांत शेवटचा रोगी सांपडला, आणि २००० सालीं हिंदुस्थान नारूमुक्त असल्याचें जागतिक आरोग्य संघटनेनें मान्य केलें. तेव्हां पाण्यांत औषध घालणें हें सदासर्वदा वाईट असा आमचा पक्ष नाहीं. कोणतें, किती व कशासाठीं हें ज्यास ठाऊक आहे त्यानें तें घालावें. कपाशीच्या बाटलीवर तें लिहिलेलें नसतें.

शिवाय डेंग्यूचा डांस विहिरीपेक्षां घरांतील रांजण, पिंप, टाकी, फुटका डबा, टाकलेला टायर ह्यांत अधिक वाढतो. तेथें चतुर अंडीं घालावयास येईल व आपलें रक्षण करील अशी आशा कोणीं धरूं नये. तें काम घरच्या मंडळींचें आहे. सांठवणीचें भांडें आठवड्यांतून एकदां रिकामें करून, घांसून, उन्हांत कोरडें करावें, आणि एरवीं झांकून ठेवावें. आठ दिवसांचा नेम चुकला कीं डांस उडाला, हें वर सांगितलेल्या हिशेबावरून कळेलच.

आतां वडिलांच्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळूं: शास्त्राचें काय म्हणणें आहे? ह्या बाबतींत आमच्या कांहीं बंधूंचें धोरण आम्हांस पसंत नाहीं. एका उपदेशक बंधूंनीं तळ्यांतील मोठ्या पाणढेकणावर प्रवचन केल्याचें आम्हीं स्वतः ऐकलें आहे. हा किडा तळहाताच्या निम्म्याइतका लांब होतो. मासा व बेडूक ह्यांसही धरितो, आणि सोंडेनें त्यांच्या अंगांत रस सोडून त्यांस आंतून विरघळवितो. बंधूंनीं त्यास सैतानाची उपमा दिली, व ऐकणारांस ती फार आवडली. पण ह्याच कुळांतल्या एका लहान जातीची रीत त्यांस ठाऊक नसावी. त्या जातींत मादी आपलीं अंडीं नराच्या पाठीवर दाट रांगांनीं चिकटवून निघून जाते. अंडीं फुटेपर्यंत तो नर तें ओझें वाहतो. त्याचे पंख त्याखालीं अडकून पडतात, म्हणून त्यास उडतां येत नाहीं. तो घटकेघटकेस पृष्ठाशीं येऊन पाठ वर करितो, कारण अंड्यांस हवा न मिळाली तर तीं मरतील. आतां ह्याची उपमा कोणास द्यावी? एकाच कुळांत तो शिकारी आहे व हा भारवाही बापही आहे, आणि तो बापही पोटासाठीं शिकारच करितो. किड्यास मनाप्रमाणें सैतान किंवा संत ठरविण्यापूर्वीं त्याकडे थोडा वेळ पाहत बसावें, हें बरें. शलमोन राजा सरपटणारे प्राणी व मासे ह्यांविषयींही बोलत असे, असें पहिल्या राजांच्या पुस्तकाच्या चवथ्या अध्यायांत आहे; ज्यानें तें सांगितलें त्यानें ते आधीं पाहिले असलेच पाहिजेत.

शब्बाथशाळेंत एखादें चलाख मूल विचारील कीं, देव दयाळू आहे तर त्यानें दुसऱ्याचें रक्त शोषणारा प्राणी कां केला? ह्या प्रश्नावरून मुलास गप्प बसवूं नये. पवित्र शास्त्र हा विषय झांकीत नाहीं. १०४ व्या स्तोत्रांत सिंहाचे छावे रात्रीं भक्ष्यासाठीं गर्जतात, तें ते देवापाशीं मागतात असें सांगितलें आहे. ईयोबाच्या ३८ व्या अध्यायाच्या शेवटीं परमेश्वर त्यास विचारितो कीं, सिंहिणीच्या शिकारीची व कावळ्याच्या भुकेल्या पिल्लांची तरतूद तूं करितोस काय. ईयोबाला त्याच्या दुःखाचें कारण त्या अध्यायांत सांगितलेलें नाहीं. उलट ज्या सृष्टींत त्याचें कांहीं चालत नाहीं ती त्यास दाखविली आहे. आम्ही मुलास इतकेंच सांगूं कीं, पाणविंचू हा क्रूर नाहीं, कारण त्यास दुसरें कांहीं निवडतां येत नाहीं. क्रूरपणा करण्यासाठीं दया करण्याचें सामर्थ्य आधीं असावें लागतें, आणि तें माणसास आहे. अधिक खोल उत्तर मागणारें मूल असेल तर त्यास यशयाचा अकरावा अध्याय वाचावयास द्यावा, व त्याच्या बरोबर आपणही वाचावा.

पाठ चालविण्याची रीत अशी. पावसाळा सुरू होऊन महिना दीड महिना झाला म्हणजे मुलांस घेऊन उथळ डबक्याकांठीं जावें. खोल तळ्याकडे किंवा खाणीकडे नेऊं नये. एक पांढरी ताटली, एक पीठ चाळण्याची जुनी चाळणी व एक काचेची बरणी एवढें साहित्य पुरे. पाल्याच्या बुडाशीं चाळणी फिरवून ताटलींतील पाण्यांत झटकावी. पांढऱ्या तळावर लहानसा किडाही उठून दिसतो. उताणा पोहणारा एक किडा किंवा चतुराचें एक पिल्लू बरणींत घालावें, त्यांत डांसाच्या वीस अळ्या मोजून सोडाव्या, तोंडास फडकें बांधावें, व दुसऱ्या दिवशीं मुलांकडूनच उरलेल्या मोजवाव्या. किती उरतील हें आधीं सांगूं नये. उरलेल्या अळ्या कोरड्या मातीवर ओताव्या, आणि शिकारी ज्या पाण्यांतून आणिला त्याच पाण्यांत परत सोडावा. मोठा पाणढेकूण दिसला तर त्यास हात लावूं देऊं नये, त्याचा चावा फार ठणकतो.

राहिली ती पत्रांतील विहीर. तिच्यांतील पाला व कुजका गाळ उन्हाळ्यांत उपसून काढावा. पाणविंचवास बसावयास जागा त्या पाल्यानेंच मिळते. कांठ उंच करून वर जाळी बसवितां आली तर पानें, किडे व मुलें तिघांपासूनही विहीर राखली जाईल. तोंवर बादलींत कोणी आलाच, तर कालथ्यानें उचलून ओढ्यांत सोडावा. आणि डबक्यावर नेण्यासाठीं विहिरीची बादली मात्र घेऊं नये; तें पाणी विहिरींत जातां कामा नये.